किल्ल्यांचा जुडगा

एरवी या सदराला दर आठवड्याला दीड कॉलमाची जागा मिळते, आणि त्या दीड कॉलमात मी आजवर संतांपासून सिनेमापर्यंत मावेल ते कोंबीत आलो आहे. दिवाळी अंकात मात्र संपादक हात सैल सोडतात. जागा ऐसपैस मिळाली की एखादा अवघड विषय अंगावर घ्यावा, अशी खुमखुमी मास्तरांना येतेच. तेव्हा यंदा असा विषय घेतो आहे की, जो घरातल्या बहुतेकांना ठाऊक असतो, पण चारचौघांत कोणी काढीत नाही. ‘केवळ प्रौढांसाठी’ असा शिक्का घेऊन येणाऱ्या चित्रपटांतला तुरुंग, हा तो विषय. फराळाच्या ताटाशेजारी हे वाचून आजीबाई चष्मा सावरून बसतील, हे मी जाणून आहे. त्यांना आधीच अभय देतो. त्यांच्यापुढे मोठ्याने वाचता येणार नाही, असे या लेखात एकही वाक्य नाही.

मराठी घरात सत्ता कोणाची, हे ओळखायला पूर्वी फार लांब जावे लागत नसे. किल्ल्यांचा जुडगा कोणाच्या कमरेला लटकतो आहे, एवढे पाहिले की पुरे. कोठीघर कोणी उघडायचे, तूप किती काढायचे, दागिन्यांची पेटी कोणापुढे उघडायची, हे सारे त्या जुडग्यावर ठरे. सासूबाई थकल्या की तो सुनेच्या हाती येई, आणि त्या दिवशी घरात कोणी न सांगता राज्य पालटे. तुरुंगाचे चित्रपट पाहताना हीच खूण मनाशी धरावी. पडद्यावर कोणाच्या अंगावर किती कपडे आहेत, हे मोजायला सेन्सॉरचे लोक आहेत. आपण पाहावे ते हे की, किल्ल्या कोणाच्या हाती आहेत. आणि आपल्याला, म्हणजे तिकीट काढून बसलेल्या माणसाला, गजांच्या कोणत्या बाजूला बसविले आहे.

या चित्रपटांची एक जातच आहे. १९७० च्या आसपास अमेरिकेत, युरोपात आणि जपानात ती भराभर वाढली. कथा बहुधा एकच. एक तरुण मुलगी, निरपराध किंवा कोणा पुरुषाच्या पापात गोवली गेलेली, बायकांच्या तुरुंगात येते. दारातच झडती होते. मग नहाणीघर, मग बराकीतली भांडणे, मग अंधारकोठडी, मग साहेबीणबाईंची कचेरी, आणि शेवटी दंगल, गोळीबार, पलायन. नट्या बदलतात, खोल्यांचा क्रम बदलत नाही. पोथीचे अध्याय जसे ठरलेले, तसे हे.

कोणी म्हणेल, यात विचार करण्याजोगे ते काय? अंगप्रदर्शनाला निमित्त हवे होते, ते तुरुंगाने पुरविले, झाले. परंतु निमित्तच हवे, तर समुद्रकिनारा काय वाईट होता? तिथे ऊनही फुकट आणि वाळूही फुकट. तरी निर्माते तुरुंगाकडे का वळले? खरी गोम इथे आहे. किनाऱ्यावरची बाई मनात आले की उठून घरी जाऊ शकते. कोणी टक लावून पाहू लागला तर चार शब्द सुनावू शकते, टॉवेल अंगावर ओढू शकते. कोठडीतल्या बाईला यातले काहीच करता येत नाही. ‘नको’ हा शब्दच जिच्याकडून दारात काढून घेतला आहे, अशा बाईकडे हवे तितके पाहण्याची सोय तुरुंग करून देतो. या चित्रपटांत भिंत हाच परवाना आहे.

तुरुंग आणि पाहणे यांचे नाते सिनेमाने शोधलेले नाही, ते फार जुने आहे. जेरेमी बेंथॅम नावाच्या इंग्रज विचारवंताने १७९१ साली एका नव्या प्रकारच्या तुरुंगाची योजना छापली. मधोमध मनोरा आणि भोवती गोलाकार कोठड्या. मनोऱ्यातल्या माणसाला सगळे कैदी दिसावेत, कैद्यांना मात्र तो दिसू नये. तो मनोऱ्यात असला काय आणि नसला काय, कैद्याने समजायचे की आपल्यावर नजर आहे. आपल्या ओळखीचे उदाहरण अंदमानचे. १९०६ साली पुरे झालेले तिथले सेल्युलर जेल म्हणजे मधला मनोरा आणि त्यातून निघालेले सात पाखे. त्यांची मांडणी अशी की, एका पाख्याच्या कोठड्यांपुढे दुसऱ्या पाख्याची पाठ यावी. पहारेकऱ्याला सारे दिसावे आणि कैद्याला शेजारच्या कैद्याचा चेहराही दिसू नये, हा त्यातला हिशेब. पाहणे ही तिथे सत्ता होती आणि न दिसणे ही शिक्षा होती. आता त्या मनोऱ्यात पहारेकऱ्याच्या जागी कॅमेरा नेऊन बसवा. आमच्या आजच्या विषयाची सारी यंत्ररचना तुमच्या ध्यानी येईल.

दाराशी होणाऱ्या झडतीचेही असेच आहे. अर्विंग गॉफमन या समाजशास्त्रज्ञाने १९६१ साली वेड्यांची इस्पितळे, तुरुंग, छावण्या अशा चारी बाजूंनी बंद संस्थांवर एक पुस्तक लिहिले. अशा ठिकाणी माणूस आत आला की प्रथम त्याचे कपडे, चीजवस्तू, केस आणि नाव ही काढून घेतली जातात, आणि बाहेरचा माणूस संपवून आतला माणूस घडविण्याचा तो विधीच असतो, असे त्याने दाखवून दिले. तेव्हा सिनेमातली झडती खोटी आहे, असे म्हणता येत नाही. तुरुंगात ती खरोखरच होते. प्रश्न एवढाच की, ती दाखविताना आपण कोणाच्या डोळ्यांनी पाहतो आहोत.

याचा उलगडा दोन चित्रपट शेजारी ठेवले की होतो. पहिला १९५० सालचा, ‘केज्ड’. जॉन क्रॉमवेलने तो दिग्दर्शित केला. त्याच्या लेखकांपैकी व्हर्जिनिया केलॉग या बाईने अमेरिकेतल्या तुरुंगांत स्वतः कैदी म्हणून राहून माहिती गोळा केली होती. चित्रपट सुरू होतो तोच पोलिसांच्या गाडीच्या आत. काळोख, आणि समोर गज लावलेली एवढीशी खिडकी. बाहेरचे जग तेवढ्यातूनच सरकताना दिसते. मग दार उघडते आणि उतरण्याचा हुकूम होतो. म्हणजे प्रेक्षक तुरुंगात शिरतो तो कैद्याबरोबर, कैदी म्हणून. नायिका एकोणीस वर्षांची, पोटुशी. नवऱ्याने चाळीस डॉलरसाठी दरोडा घातला आणि तो त्यात मेला. त्याला मदत केली म्हणून ही आत. एक धटिंगण मेट्रन तिच्या मागे लागते. बराकीत सापडलेल्या एका मांजराच्या पिलावरून दंगा होतो, पिलू मरते आणि शिक्षा म्हणून या मुलीचे केशवपन होते. आपल्या आजीच्या पिढीला त्या कातरीचा अर्थ समजावून सांगण्याची गरज नव्हती. शेवटी मुलगी सुटते, पण सुटते ती निबर होऊन, गुन्हेगारांच्या टोळीत जाण्यासाठी. तुरुंगाची भली अधिकारीणबाई तिची फाइल बंद न करण्यास सांगते; ती पुन्हा येणार, हे बाईला ठाऊक आहे. सबंध चित्रपटात अंगप्रदर्शन नाही, तरी पाहून उठलेला माणूस दोन दिवस गप्प राहील.

‘केज्ड’ निघाला तेव्हा अमेरिकेत चित्रपटांना कडक आचारसंहिता होती. ती १९६८ साली जाऊन तिच्या जागी वयाप्रमाणे वर्ग पाडण्याची पद्धत आली, आणि जे झाकलेले होते ते विकता येऊ लागले. पुढच्याच वर्षी, १९६९ साली, जेस फ्रँको या स्पॅनिश दिग्दर्शकाचा ‘९९ विमेन’ आला. एका बेटावरचा किल्लेवजा तुरुंग, आणि कैदी बायकांना नावांऐवजी आकडे. कथेचे सामान बरेचसे ‘केज्ड’मधलेच. पण आता प्रेक्षक गाडीच्या काळोखात कैद्याशेजारी बसलेला नाही. तो आधीच आत येऊन, पायावर पाय टाकून, येणाऱ्या बायकांची वाट पाहत बसला आहे. झडती तीच. केवळ खुर्ची हलविली, आणि करुणा जाऊन चटक आली.

मग अमेरिकेतल्या रॉजर कॉर्मन या हिशेबी निर्मात्याने हा धंदा हाती घेतला. १९७० साली त्याने आपली नवी कंपनी काढली होती. ‘द बिग डॉल हाउस’ आणि ‘विमेन इन केजेस’ हे १९७१ चे, ‘द बिग बर्ड केज’ १९७२ चा. नावेच पाहा. बाहुल्यांचे घर, पिंजरे, पाखरांचा पिंजरा. खेळणी आणि पाखरे, माणूस कुठेच नाही. (त्याच १९७२ मध्ये आपल्याकडे शांतारामबापूंचा ‘पिंजरा’ लागला होता. त्यात पिंजऱ्यात अडकतो तो मास्तर, ही गोष्ट आम्हां मास्तरमंडळींच्या लक्षात आहे.)

हे तिन्ही चित्रपट फिलिपाइन्समध्ये घेतले गेले. कारण उघड आहे. तिथे मजुरी स्वस्त, रान फुकट आणि तंत्रज्ञ कसबी. ‘विमेन इन केजेस’चा दिग्दर्शक जेरार्डो दे लिओन हा तर तिथला मोठा कलावंत, पुढे त्याला देशाचा राष्ट्रीय कलावंत म्हणून गौरविण्यात आले. पण स्वस्ताईखेरीज आणखी एक सोय होती. गोष्ट उष्ण प्रदेशातल्या कुठल्याशा हुकूमशाहीत घडते आहे म्हटले की, प्रेक्षकाच्या मनाला टोचणी लागत नाही. असले क्रौर्य केळीच्या बनात चालायचेच, आपल्या गावच्या तुरुंगाशी त्याचा काय संबंध, असे त्याला वाटते. दूरचा देश हीसुद्धा एक भिंतच झाली.

आणि इथे इतिहासाने जो विनोद केला, तो हसण्यासारखा नाही. १९७२ च्या सप्टेंबरात फर्डिनंड मार्कोस यांनी फिलिपाइन्समध्ये लष्करी कायदा पुकारला. विद्यार्थी, वार्ताहर, कामगार पुढारी, पुरुष आणि बायका, गठ्ठ्यांनी आत गेले. १९८१ पर्यंतच्या काळात सुमारे ७०,००० लोक तुरुंगात टाकले गेले आणि ३४,००० जणांचा छळ झाला, असा ‘अ‍ॅम्नेस्टी इंटरनॅशनल’ या संस्थेचा अंदाज म्हणून सांगितला जातो. हा कायदा लागू झाल्यावरही परदेशी चित्रपट-कंपन्या तिथे येत राहिल्या आणि खोटे तुरुंग उभारून पैसे मिळवीत राहिल्या. खऱ्या तुरुंगाच्या दारात मात्र कॅमेऱ्याला मज्जाव होता. सत्तेला या खोट्या तुरुंगांची भीती का वाटली नाही? कारण अशा चित्रपटात तुरुंग ही चोरून बघण्याची जागा होते. विचारण्याची जागा होत नाही.

आता त्या साहेबीणबाईंकडे वळू. या बहुतेक चित्रपटांत सर्वांत दुष्ट पात्र असते ते बाईचे. चाबूक तिच्या हातात, जुडगा तिच्या कमरेला. हे असे का असावे, याचे उत्तर मला आपल्या जुन्या सासुरवासाच्या कथांत मिळते. त्या कथांत सून रडते, सासू छळते, आणि सासरे ओटीवर पंचांग चाळीत बसलेले असतात. वाचणारा सासूच्या नावाने बोटे मोडतो. पण घराचा सातबारा कोणाच्या नावावर आहे, सुनेला माहेरी पाठवायचे की नाही यावर शेवटचा शब्द कोणाचा, हे विचारले की बोट ओटीकडे वळते. तुरुंगपटांतही तसेच. पाताळयंत्री जेलरीणबाई पुढे उभी केली की, तिला नेमणारा गव्हर्नर मागे राहतो, आणि अंधारात बसलेला प्रेक्षक तर अगदीच निर्दोष ठरतो. छळ करते ती बाई. मी आपला पाहतो आहे! शेवटच्या रिळात ती मेली की टाळ्या वाजवून आपण न्यायाच्या बाजूला जाऊन उभे राहतो. नव्वद मिनिटे तिच्या खुर्चीत बसून जे पाहिले, त्याचा हिशेब कोणी मागत नाही.

हे सारे मी एकदा वर्गात बोलत असता मागच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, “सर, पण त्या बायका शेवटी बंड तरी करतात ना? आपल्या सिनेमातल्या बायका तेवढेही करीत नव्हत्या.” वर्ग हसला, पण प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. पॅम ग्रिअर ही कृष्णवर्णीय नटी पाहा. ‘द बिग डॉल हाउस’मध्ये ती कैदी आहे, ‘विमेन इन केजेस’मध्ये पहारेकरीण आणि ‘द बिग बर्ड केज’मध्ये क्रांतिकारक. दोन वर्षांत कोठडीच्या तिन्ही बाजू तिने पाहून घेतल्या, आणि १९७३ मध्ये ‘कॉफी’ या चित्रपटाची ती नायिका झाली. मोठ्या कंपन्यांनी तिच्या वर्णाच्या बाईला तेव्हा मोलकरणीपलीकडचे काम क्वचितच दिले असते. तेव्हा त्या मुलीचे म्हणणे अर्धे खरे आहे. बंदूक हाती घेतलेली बाई या स्वस्त पटांनी दाखविली. पण बंड शेवटच्या रिळात आणि पाहणी आधीच्या साऱ्या रिळांत, हे प्रमाण विसरता येत नाही. बंड हा त्या व्यवहारातला देवाला ठेवायचा नैवेद्य होता.

तरीही याच कारखान्यातून दोन वेगळ्या गोष्टी निघाल्या, त्या सांगितल्या पाहिजेत. पहिली जपानची. तोएई कंपनीने १९७२ साली शून्या इतो या दिग्दर्शकाकडून ‘विंचू’ नावाच्या कैदी बाईचा चित्रपट काढला. मूळ कथा चित्रमालिकेतली. नायिकेचे काम मेइको काजीचे. या बाईला संवाद जवळजवळ नाहीतच. ती बोलत नाही, बघते. छळणाऱ्याकडे, जेलरकडे, थेट आपल्याकडे. एका प्रसंगी कैदी बायकांच्या झटापटीत काचेचा तुकडा वॉर्डनच्या डोळ्यात जातो आणि बघणाऱ्याचा एक डोळाच निकामी होतो. एवढे स्पष्ट उत्तर त्या जातीच्या दुसऱ्या चित्रपटाने क्वचितच दिले असेल. चित्रपटात हिणकस माल आहेच, तो नाकारण्यात अर्थ नाही. पण पाहिली जाणारी बाई उलट पाहू लागली की प्रेक्षकाची बसण्याची खुर्ची डुगडुगते, हे इतोने दाखवून दिले.

दुसरी गोष्ट जोनाथन डेमीची. १९७४ साली कॉर्मनच्या कंपनीसाठी त्याने आपला पहिला चित्रपट केला, ‘केज्ड हीट’. बायकांचाच तुरुंग. पुढे सतरा वर्षांनी, १९९१ साली, त्याने ‘द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्स’ केला आणि ऑस्करची पाच मोठी पारितोषिके त्या चित्रपटाने नेली. तिथेही तुरुंग आहे. पण आता कोठडीत पुरुष आहे आणि बाहेर, काचेपलीकडे, पोलिसी शिक्षण घेणारी एक तरुण मुलगी. किल्ल्या तिच्या बाजूच्या लोकांकडे आहेत. तरीही जो तो पुरुष तिला न्याहाळतो, आणि बोलताना सरळ कॅमेऱ्यात पाहतो. म्हणजे आपल्याकडे. ज्या प्रेक्षकाला डेमीने १९७४ मध्ये बघणाऱ्याच्या खुर्चीत बसविले होते, त्यालाच आता त्याने जिच्याकडे बघतात तिच्या जागी उभे केले. नको असलेली नजर अंगावर आली म्हणजे काय वाटते, हे पुरुष प्रेक्षकाला पडद्याने इतके नेमके क्वचितच शिकविले असेल.

आपल्याकडे तुरुंगाचे दोन मोठे चित्रपट झाले, आणि दोघांनीही हा प्रश्न वेगळ्या रीतीने सोडविला. शांतारामबापूंच्या ‘दो आँखें बारह हाथ’ची (१९५७) कथा ग. दि. माडगूळकरांची. तिच्यामागे औंध संस्थानात आटपाडीजवळ उभी राहिलेली स्वतंत्रपूरची खुली वसाहत होती. सहा खुनी आणि एक जेलर, आणि भिंत नाहीच! भिंत नसल्यावर राहतात ते फक्त डोळे. कैदी पळू पाहतात तेव्हा त्यांना अडवितात ते आदिनाथाचे डोळे, आणि ते त्यांच्या मनातच उमटलेले असतात. पाहणे इथेही आहे, पण पाहणारा स्वतःला पणाला लावून पाहतो, आणि शेवटी प्राणही देतो.

दुसरा बिमल रॉय यांचा ‘बंदिनी’ (१९६३). मूळ बंगाली कादंबरी लिहिणारे ‘जरासंध’ हे स्वतः तुरुंगाधिकारी होते. नायिका आपली नूतन. बायकांच्या तुरुंगात एक कैदी दळता दळता गाते. श्रावणात भावाला पाठवून मला माहेरी न्या, असे बापाला विनविते. कॅमेरा तिच्या हातांकडे आणि इतर बायकांच्या चेहऱ्यांकडे पाहतो. नूतनची कल्याणी क्षयाने आजारलेल्या कैदीणीची शुश्रूषा मागून घेते. रात्री पहारेकरी सारे ठीक असल्याची आरोळी देतो, आणि काहीच ठीक नाही हे आपल्याला कळते. ज्याने आयुष्यभर किल्ल्या सांभाळल्या, त्याच्याच लेखणीने गोष्ट कैद्याच्या बाजूने सांगितली. ‘केवळ प्रौढांसाठी’ या शब्दांना माझ्या मते असल्या चित्रपटांत खरा अर्थ आहे. प्रौढ माणसालाच झेपेल असे त्यात काही असते.

आपण म्हणजे मात्र सगळे धुतल्या तांदळासारखे, असे कोणी समजू नये. फूलनदेवी १९८३ साली शरण आली आणि खटला न चालता अकरा वर्षे तुरुंगात राहिली. ती आत असतानाच तिच्या आयुष्यावर ‘बँडिट क्वीन’ हा चित्रपट तयार होत होता. १९९४ साली ती बाहेर आली, तिने विटंबनेच्या प्रसंगांना हरकत घेतली आणि ती न्यायालयात गेली. नंतर तडजोड झाली. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या चित्रपटाच्या बाजूने निकाल दिला. त्यातली नग्नता प्रेक्षकाच्या मनात वासना जागविण्यासाठी नसून चीड आणि कणव उत्पन्न करण्यासाठी आहे, असे न्यायालयाने मानले. कायद्याचा निकष म्हणून तो योग्यच आहे. शेखर कपूर यांनी तो प्रसंग चटकेसाठी घेतला, असे मीही म्हणणार नाही. परंतु एक साधा प्रश्न उरतोच. जिची ती कहाणी, ती बाई गजांआड होती. पडद्यावर तिचे काय दाखवायचे, हे ठरविताना तिच्या शब्दाला किती वजन होते? चांगल्या हेतूच्या माणसाच्या कमरेलाही जुडगा असू शकतो.

आणि आता ज्या तुरुंगाला तिकीट नसते, तिथे जाऊ. १९८२ च्या मे महिन्यात शीला बारसे या पत्रकार बाई रीतसर परवानगी काढून मुंबईच्या मध्यवर्ती तुरुंगात गेल्या आणि पंधरा कैदी बायकांशी बोलल्या. पंधरांपैकी पाच जणींनी सांगितले की, पोलीस कोठडीत असताना आम्हाला मारहाण झाली. बारसेबाईंनी हे सर्वोच्च न्यायालयाला पत्राने कळविले. न्यायालयाने ते पत्र हीच याचिका मानली आणि निर्मला निकेतन या समाजकार्याच्या महाविद्यालयाच्या संचालिकांना कैदीणींना भेटून पाहणी करावयास सांगितले. १९८३ च्या फेब्रुवारीत न्या. भगवती यांच्या पीठाने आदेश दिले. बायकांसाठी वेगळ्या कोठड्या हव्यात आणि त्यांवर स्त्री-शिपाई हव्यात. बाईची चौकशी स्त्री-पोलिसांच्या समक्षच व्हावी. न्यायाधीशाने न कळविता कोठड्यांना भेट द्यावी.

या खटल्यात कॅमेरा नव्हता, नायिका नव्हती, पलायन नव्हते. एक बाई दुसऱ्या बाईसमोर बसली आणि तिने विचारले, तुमच्यावर काय गुदरले? पडद्यावर शेकडो कैदीणींकडे आपण पाहिले, पण हा प्रश्न त्यांना क्वचितच कोणी विचारला. आज तर असले चित्रपट पाहायला अंधाऱ्या थिएटरात तोंड लपवून जावे लागत नाही. ते प्रत्येकाच्या खिशातल्या फोनवर येतात, आपल्या मुलांच्याही. फोन काढून घेऊन हे थांबत नाही. मुलांना एवढे शिकविता येईल की, पडद्यावर कोणी असहाय दिसले की आधी विचारावे, किल्ल्या कोणाकडे आहेत, आणि मला कोणाच्या खुर्चीत बसविले आहे? ज्याला हा प्रश्न सुचला, तो त्या खुर्चीत फार वेळ स्वस्थ बसू शकत नाही.

त्या १९८३ च्या आदेशांतला एक आदेश मराठीचा मास्तर म्हणून मला विशेष प्रिय आहे. अटक झालेल्या माणसाचे हक्क सांगणारे पत्रक काढावे, ते इंग्रजी आणि हिंदीबरोबर मराठीतही असावे, कारण ती या राज्यातल्या लोकांची भाषा. आणि ते प्रत्येक कोठडीत लावावे, असे न्यायालयाने सांगितले. सिनेमावाल्यांना कोठडीची भिंत म्हणजे पाहण्याचा परवाना वाटली. त्याच भिंतीवर कैदीण स्वतः वाचू शकेल असा चार ओळींचा कागद लावता येतो, हे त्या न्यायाधीशांना सुचले. त्या कागदावरच्या मराठीला कोणी वाङ्मय म्हणणार नाही. पण ज्या बाईच्या हातात एकही किल्ली नाही, तिच्या उपयोगी पडणारी मराठी ती तेवढीच.